चार नंबर

खासबागेच्या भिंतीला टेकून उभी आहे आमची गाडी,
आत बारा पडदे आणि थंडगार हवा,
मशीन तापू नये म्हणून; माणसांचं कोण बघतंय.
मी मैदानाकडं पाठ करून बसतो.
बावीस वर्षं झाली, पाठ करूनच बसतो.
पोरं विचारतात, काका, कुस्ती जवळनं बघितली असंल की?
बघितली. तळहाताएवढी. आठ सेकंद जुनी.

सुरुवात गंगावेशीतल्या लग्नांपासून.
अक्षता पडायच्या, आणि मी कॅसेट उलटी फिरवून
त्या परत वर पाठवायचो,
नवरानवरीच्या डोक्यावरनं मावशांच्या मुठीत.
मग केबलवर तालमींचे फुटबॉल सामने.
आमच्या पेठेचा एक गोल
मी जरा जास्तच वेळा दाखवला,
तर दुसऱ्या दिवशी पलीकडच्या पेठेतल्या न्हाव्यानं
अर्धी दाढी करून खुर्चीवरनं उठवलं.
माझं काम बघून कुणी काही बोललं,
असं आजवर तेवढं एकदाच.

आज, शेवटून तिसरी कुस्ती.
धुळगोंडा, हातकणंगल्याकडचा.
हलगी भिंतीतून येते ती कानात नाही,
खुर्चीच्या पायांत.
उजव्या हाताखाली चाक: पुढं ढकललं की माती उडते,
मागं ओढलं की गुमान जाऊन बसते पायाखाली.
पोकळ घिस्सा. दोघंही खाली.
शिट्टी. पंचांचा हात वर.
“रिप्ले,” कानात बर्वे मॅडम, “दोन नंबर.”
दोन नंबरवर नुसता घाम आणि पंचांची पाठ.
चारवर इर्शाद होता, गुडघे टेकून बसलेला,
त्याच्या चौकटीत धुळगोंडाचा डावा खांदा
मातीपासून दोन बोटं वर.
“मॅडम, चार बघा एकदा.”
“वेळ नाही. जाहिरात.”
मग देशभर ठिबकचे पाइप दिसले,
ते संपेतोवर जिंकलेला
कुणाच्या तरी खांद्यावर होता
आणि फेटा डोळ्यांवर आलेला.

खोटं नाही दाखवलं मी.
मागितलं ते दिलं, अर्ध्या सेकंदात, बिनचूक.
आमच्या धंद्यात याला चांगला हात म्हणतात.

रात्री साडेअकरा. बाहेर केबली गुंडाळतायत.
मुबारक जनरेटरपाशी ताटकळलेला.
डिस्क पुसायची होती, उद्या सांगलीत कबड्डी.
दाराशी तो उभा. उघड्या अंगावर टॉवेल,
केसांत अजून ताक-हळदीचा वास.
“दादा, तुमच्याकडं दिसलं असंल.”
काय बोलणार? खुर्ची दिली.
चार नंबर लावला. हळू, अजून हळू,
इतका हळू की मातीचा एकेक कण
विचार करून खाली उतरावा.
खांदा. दोन बोटं. बघितलंस?
तो तिकडं बघतच नव्हता.
“ते कोपऱ्यात,” म्हणाला, “मागं घ्या जरा.”
कोपऱ्यात, चौकटीच्या काठाला, धूसर,
त्याचा वस्ताद:
पटका काखेत मारून उठलेला, पाठमोरा,
निघालेला.
शिट्टी अजून व्हायचीय.
“किती आधी?”
मी मोजलं. सवा सेकंद.

पडद्यावर वस्तादाचं एक पाऊल उचललेलं
तसंच राहिलं कितीतरी वेळ.
“हे कुणाला दाखवणार?”
“कुणालाच नाही. पुसायचंय.”
“मग पुसा की,” म्हणाला, आणि टॉवेल सावरत गेला.
खुर्चीच्या पाठीवर तांबड्या मातीचा ठसा,
पुरा, दोन्ही खांद्यांसकट.

मुबारक फडकं घेऊन आला. मी म्हटलं, असू दे.
तो म्हणाला, साहेब ओरडतील.
त्यानं खुर्ची पुसली.
मी डिस्क पुसली,
आणि सकाळी सांगलीत मॅडमनी विचारलं,
सगळी पुसलीस ना?
हो म्हटलं.
सवा सेकंद सोडून.